उंबरठ्यांची गल्ली

सकाळचा चहा झाला की तळावरची माणसं चालायचा सराव करायची. व्यायाम म्हणून नव्हे. व्यायामाची हौस तिवरखारच्या माणसांना कधीच नव्हती. जन्मभर खाजणात चिखल तुडवणाऱ्याला ती असायचं कारणही नाही. ही माणसं आपलंच चालणं आठवून आठवून चालत होती. गोदामाच्या लांबलचक मार्गिकेच्या एका टोकाला रांग लागायची. एकेक जण पुढे व्हायचा, चार पावलं टाकायचा, थबकायचा, मान हलवून मागे फिरायचा. कुणी म्हणायचं, मी असा नव्हतो चालत. मग बाकीचे त्याला त्याची चाल करून दाखवायचे आणि हशा पिकायचा. शेजाऱ्याची चाल प्रत्येकाला तोंडपाठ होती. स्वतःची तेवढी कुणालाच आठवत नव्हती.

मैथिली रणदिवे भिंतीला टेकून, मांडीवर कागद घेऊन हे बघत बसायची. ती चित्रकार होती, पण देखावे आणि चेहरे काढणाऱ्यांतली नव्हे. एसटीचे स्टँड, इस्पितळांचे व्हरांडे, विमानतळावरचे ते न संपणारे बोगदे, असल्या जागा तिचा विषय. माणूस निघालेला असतो, पण पोचलेला नसतो, तेव्हा तो नक्की कोण असतो, हे तिला चित्रात पकडायचं होतं. कलासंस्थेच्या पत्रावर ती तळावर राहायला आली, तेव्हा तळाचे अधिकारी सामंत यांना वाटलं, बाई भिंतीवर मोर-बीर काढतील आणि जातील. बाईंनी भिंतीकडे ढुंकूनही पाहिलं नाही. त्या आपल्या फरशीकडे बघत बसल्या. सामंतांनी मनातल्या मनात कपाळाला हात लावला.

तिवरखार हे खाडीकाठचं गाव. बांध घालून समुद्राला बाहेर ठेवायचं आणि आत भात पिकवायचं, अशी पिढ्यान्‌पिढ्यांची रीत. समुद्र चढत गेला, बांध फुटत गेले. गावानं ते बांधले, पुन्हा फुटले. शेवटी एका उधाणात पाणी आत शिरलं ते बाहेर गेलंच नाही. सरकारनं डोंगरावर नवं तिवरखार बांधायला घेतलं आणि तोवर माणसांना महामार्गालगतच्या या बंद पडलेल्या गोदामात आणून ठेवलं. कागदावर त्याचं नाव संक्रमण शिबिर. माणसं म्हणायची, मधला तळ.

आता घरं तयार होती. तळाच्या दुसऱ्या टोकाला ओळखकमान उभी होती आणि कमानीपलीकडे डोंगरावर जाणारी बस. अडचण एवढीच होती, की कमान माणसांना ओळखत नव्हती.

या कमानीची गोष्ट सांगायला हवी. चेहरा आणि आवाज या गोष्टींवर विश्वास ठेवायचे दिवस केव्हाच सरले होते. कुणीही कुणाचाही चेहरा हुबेहूब बनवून आणायचा. बोटांच्या ठशांचं म्हणाल, तर मिठाच्या पाण्यात राबलेल्या बोटांवर ठसे उरतात कुठे? शेजारच्या एका गावाची निम्मी घरं अशीच भलत्याच लोकांनी लाटली होती. राहिली माणसाची चाल. टाच किती जोरात पडते, भार कुठल्या कडेला झुकतो, एक पाय उचलल्यावर दुसरा किती रेंगाळतो, हे सारं फरशीखालच्या संवेदक पट्ट्या टिपतात आणि त्यातून बनतो माणसाचा चालठसा. तो एकाचा दुसऱ्याशी जुळत नाही, आणि सोंग आणायचं म्हटलं तर पाचव्या-सहाव्या पावलाला ते उघडं पडतं. तिवरखारच्या लोकांनी गाव सोडण्यापूर्वी ग्रामसभेत एकमुखानं मागितलं, की आम्हाला चालठसाच हवा. वर अट घातली, की कुणाच्याही सहीनं दार उघडता कामा नये आणि एकदा घेतलेला ठसा कुणालाही पुसता येता कामा नये. त्या सभेत सगळ्यांत मोठा आवाज फशीबाय भोईर यांचा होता.

म्हणून गावच्या गल्लीत पट्ट्या अंथरल्या गेल्या आणि प्रत्येकानं आपल्या दारातून देवळापर्यंत चालून दाखवलं. आणखी एक गोष्ट लोकांनी हट्टानं करून घेतली. माणूस ओळखला, की कमान त्याला विचारणार, 'गाव?' त्यानं आपल्या तोंडानं गावाचं नाव घ्यायचं, मगच दार उघडायचं. आपण गाव घेऊन चाललोय, टाकून नाही, हे कुणीतरी ऐकायला हवं ना.

सगळं छान ठरलं होतं. पण गोदामाची फरशी आरशासारखी गुळगुळीत, पायांत वाटपात आलेल्या रबरी चपला, ना चिखल, ना चढ. दीड पावसाळा असा काढल्यावर माणसांची चालच बदलून गेली. कमान बिचारी मन लावून बघायची आणि थंड आवाजात म्हणायची, 'ओळख पटली नाही.' दिवाळी झाली की तळ रिकामा करायचा होता, पुढचं गाव वाटेवर होतं. जी घरं तोवर घेतली जाणार नाहीत ती त्या गावाला जाणार होती.

फशीबायच्या बाबतीत तर मामला आणखी बिकट होता. तिचा नवरा हाशा तळावर आल्यावर पहिल्याच थंडीत गेला. मूलबाळ नाही. घर मिळालं नाही, तर सरकारी नियमाप्रमाणे ती निराधार ठरणार आणि तिची रवानगी जिल्ह्याच्या गावी, वृद्धांच्या वसतिगृहात होणार. आपल्या माणसांत मरायला मिळावं, एवढंच तिचं मागणं होतं. तिनं ते कुणापुढे मांडलं नाही, पण रोज सकाळी रांगेत ती पहिली असायची.

मैथिलीची आणि तिची ओळख पहिल्याच दिवशी झाली. फशीबायनं शेजारी बसकण मारून आधी कागदात डोकावून पाहिलं, नाक मुरडलं आणि आपल्याकडे कुणीही पहिल्यांदा विचारतो तेच विचारलं. गाव कोणतं?

मैथिलीनं नेहमीचं उत्तर दिलं. वडील पाटबंधारे खात्यात, दर तीन वर्षांनी बदली, सगळं लहानपण धरणांच्या वसाहतींत. एकेका धरणाचं काम संपलं की वसाहतही मोडायची. गाव असं नाहीच.

फशीबायला हे काही केल्या पटेना.

"गाव नाय म्हंजे काय? मग मेल्यावर बातमी कुठं धाडायची तुजी?"

मैथिली हसली खरी, पण तो प्रश्न तिच्या मनातून गेला नाही. या तळावरच्या प्रत्येकाचं गाव बुडालं होतं आणि तरी ते होतं. तिचं बुडायलाही काही नव्हतं.

तळावर राहून तिच्या एक लक्षात आलं होतं. ही माणसं गावाबद्दल बोलताना घराचं छप्पर, भिंती यांच्याविषयी फारसं बोलत नसत. बोलत उंबरठ्यांविषयी. उधाणाचं पाणी घरात येऊ नये म्हणून तिवरखारात उंबरठे उंच असायचे, आणि प्रत्येक घराचा निराळा. एखादा टाचेहून जरा वर, एखादा पार पोटरीपर्यंत. नवी नवरी पहिल्या दिवशी कुणाच्या उंबऱ्याला ठेचकाळली, कुणाचा सासरा दारू पिऊन आला तरी उंबरा बरोबर ओलांडायचा, सगळ्या गोष्टी तिथंच येऊन ठेपायच्या. इथे मात्र पत्र्याच्या खोल्यांना उंबरठा म्हणून नव्हता. दार कुठं संपलं आणि वाट कुठं सुरू झाली, पायांना पत्ताच लागत नव्हता.

मग तिनं रंगाचे डबे उघडले. कमानीकडे जाणाऱ्या मार्गिकेच्या फरशीवर तिनं तिवरखारची गल्ली काढायला घेतली. एकेका घराला बोलवायचं, उंबरठा किती उंच होता ते हातानं दाखवायला सांगायचं, लाकूड कसलं, मधोमध झिजलेला होता की नाही, हळदकुंकवाची बोटं कुठं उमटलेली असायची, सगळं विचारायचं आणि रंगवायचं. रंगवण्यात तिची एक खुबी होती. तळावरच्या दिव्यांचा प्रकाश कुठून येतो ते बघून ती सावली अशा कोनात टाकायची, की चालत येणाऱ्याला तो उंबरठा खरोखर फरशीतून वर उठलेला दिसायचा. डोक्याला कळायचं की हा रंग आहे. पायाला कळायचं नाही.

पहिला फसला तो पोसू पाटील. चांगला तालेवार गडी, सगळ्यांदेखत म्हणाला, की ह्या चित्राला मी काय भुलतोय. आणि आपल्या घराच्या उंबरठ्याशी येताच त्याचा उजवा पाय असा काही उचलला गेला, की बघणाऱ्या बायका हसून हसून बेजार झाल्या. पोसू ओशाळला, पण पुढच्या उंबरठ्यालाही तेच. त्याच्या पुढच्यालाही तेच. हसू दाबत तो तसाच गल्ली तुडवत कमानीत जाऊन उभा राहिला.

"पोसू धर्मा पाटील," कमान म्हणाली. "ओळख पटली. गाव?"

पोसूनं मागे वळून गल्लीकडे एकदा पाहिलं. मग त्यानं एवढ्या मोठ्यानं 'तिवरखार' म्हटलं, की गोदामाचे पत्रे थरथरले.

त्यानंतर मैथिलीला जेवायला फुरसत मिळाली नाही. जो तो म्हणे, आधी आमचा उंबरा काढा. पाय उचलायची वेळ आली की त्यामागून कंबर, पाठ, मान सगळं आपोआप जुन्या वळणावर यायचं. माणसं गल्लीतून जायची आणि पलीकडे तिवरखारची होऊन निघायची. सामंत हरखून गेले. मोर त्यांच्या मनातून केव्हाच उडाले. एकदा सकाळी मार्गिका धुतली होती, फरशी ओली होती, तेव्हा रांगेतल्या प्रत्येकानं नकळत पुढच्याच्या खांद्यावर हात ठेवलेला मैथिलीला दिसला. निसरड्या बांधावर असंच चालायचं असतं, असं तिला कुणीतरी सांगितलं. तिनं ते चित्रात टिपून ठेवलं आणि कामात विसरून गेली.

तळ रिकामा होत गेला. राहिली एकटी फशीबाय.

तिचा उंबरठा सगळ्यांत उंच होता आणि मैथिलीनं तो सगळ्यांत जीव ओतून काढला होता. फशीबाय पाय उचलायचीही बरोबर. पण कमान म्हणायची, 'ओळख पटली नाही.' चपला काढून झालं. लुगडं गावाकडच्यासारखं वर खोचून झालं. डोक्यावर हंडा घेऊन झालं. शेवटी सामंत म्हणाले, की आपल्या हातात असतं तर सही करून मोकळा झालो असतो. त्यावर फशीबायच म्हणाली, की सहीवर दार उघडायचं नाय, ही अट आमचीच हाय, तुम्ही कशाला जिवाला लावून घेता.

शेवटच्या दिवशी सकाळी वसतिगृहाची गाडी दारात येऊन थांबली. ती दुपारी निघणार होती. फशीबायनं गाठोडं बांधलं होतं. मैथिलीनं तिला आणखी एकदा चालायला सांगितलं आणि या वेळी ती स्वतः तिच्या बरोबरीनं, अगदी खेटून चालली. तेव्हा तिला ते ऐकू आलं. प्रत्येक उंबरठ्याच्या अलीकडे फशीबाय किंचित थबकत होती आणि ओठांतल्या ओठांत पुटपुटत होती, 'उंबरा.'

हे कुणाला सांगता, मावशी, असं मैथिलीनं विचारलं.

फशीबाय गोंधळली. आपण काही बोलतोय हेच तिला ठाऊक नव्हतं. मग तिचा उजवा हात सावकाश डाव्या खांद्यावर गेला आणि तिथंच राहिला. सांगायला लागली तेव्हा तिचा आवाज नेहमीसारखाच खणखणीत होता. म्हाताऱ्याचे डोळे गेले त्याला किती वर्षं झाली, देव जाणे. मागून खांद्यावर हात ठेवायचा आणि चालायचा. खड्डा आला की ती खड्डा म्हणायची, उंबरा आला की उंबरा.

ठसा घेतला त्या दिवशी काय झालं, मैथिलीनं विचारलं. एकेकट्यानं चाला म्हणून सांगितलं होतं ना?

"एकटीच तं चालले," फशीबाय म्हणाली. "मी नि म्हातारा."

पट्ट्या अंथरणाऱ्यांना घाई होती. आंधळ्या माणसाला कोण सोडवून घेणार म्हणून त्यांनीही तसंच चालू दिलं असेल. पट्ट्यांनी टिपली ती डाव्या खांद्यावर एका माणसाचा भार घेऊन, त्याच्यासाठी थांबत थांबत चालणारी बाई. आता भार नव्हता. फशीबाय सरळ, झपझप चालत होती, आणि तेवढ्यासाठी जगातल्या कुठल्याही यंत्राच्या लेखी ती फशीबाय नव्हती.

मैथिलीनं तिला परत गल्लीच्या सुरुवातीला नेलं. चपला काढल्या, मागे उभी राहिली, डावा हात तिच्या डाव्या खांद्यावर ठेवला आणि डोळे मिटले. अर्धवट नव्हे, घट्ट. म्हातारीचं हाड चोळीतून हाताला लागलं. चला मावशी, मैथिली म्हणाली.

डोळे मिटल्यावर तिनं स्वतः रंगवलेली गल्ली नाहीशी झाली. उरला तो फक्त पुढचा खांदा. तो चढला की पाय उचलायचा, उतरला की टेकवायचा. 'उंबरा,' फशीबाय म्हणाली, आणि मैथिलीचा पाय उचलला गेला. पुन्हा 'उंबरा.' आपण पडू अशी भीती पहिल्या काही पावलांना वाटली, मग वाटेनाशी झाली. आयुष्यात कुणाच्या भरवशावर ती अशी चाललीच नव्हती.

"फशीबाय हाशा भोईर. ओळख पटली. गाव?"

"तिवरखार," फशीबाय म्हणाली.

दार उघडलं नाही. कमान अजून बघत होती.

"हाशा पोशा भोईर. ओळख पटली. गाव?"

मैथिलीनं डोळे उघडले. सामंत खुर्चीतून उठून उभे राहिले होते. हाशाचं नाव यादीतून त्यांनीच उतरवलं होतं, पण ठसा पुसायची सोयच यंत्रात नव्हती. चालीचं सोंग आणता येत नाही, या एका गोष्टीवर सगळी नवी गावं उभी होती.

पण मैथिलीनं सोंग आणलंच नव्हतं. तिला क्षणात उमगलं, की हाशाला स्वतःची अशी चाल उरलीच नव्हती. तो बायकोच्या खांद्यानं आणि बायकोच्या शब्दानं चालायचा. त्याचा म्हणून जो ठसा होता, तो या बाईनं घडवलेला होता. तिच्या मागे डोळे मिटून जो कुणी चालेल, त्याच्या पायांत तो उतरणार होता.

"मॅडम, तुम्ही काही बोलू नका," सामंत म्हणाले. "बोललात तर मला ते खोटं म्हणून नोंदवावं लागेल."

"माझं पाऊल खोटं धरलंत तर मावशीचंही धरावं लागेल, साहेब. दोन्ही पावलं एकच आहेत."

सामंत सावकाश खुर्चीत बसले. ते सज्जन होते आणि हिशेब त्यांनाही कळत होता. बाहेर गाडीवाल्यानं हॉर्न वाजवला.

'गाव?' कमानीनं पुन्हा विचारलं.

शाळा बदलली की वर्गशिक्षक विचारायचे, लग्नाच्या पंगतीत शेजारची बाई विचारायची, भाड्याचं घर देताना मालक विचारायचा. जन्मभर या प्रश्नाला मैथिलीनं हसून बगल दिली होती. आज पहिल्यांदा त्या प्रश्नावर कुणाचं तरी दार अडून बसलं होतं. आपण एका मेलेल्या माणसाच्या जागी उभ्या आहोत हे तिला ठाऊक होतं. त्याची तिला भीती वाटली नाही. हात काढायचा नाही, एवढंच तिनं ठरवलं आणि मोकळ्या आवाजात म्हणाली,

"तिवरखार."

दार उघडलं. फशीबायनं मागे वळून पाहिलं नाही. बसपर्यंत हात राहू दे, एवढंच म्हणाली. पायऱ्या आल्या तेव्हा तिनं 'पायरी' असंही सांगितलं.

सामंतांनी त्या दिवशी काय नोंदवलं, ते त्यांनी कुणाला सांगितलं नाही. पण पुढच्या गावाची माणसं आली तेव्हा ठसे घेताना त्यांनी एक नवी पद्धत सुरू केली. पट्टीवर चढण्यापूर्वी ते प्रत्येकाला विचारत, तुम्ही कुणाबरोबर चालता?

महिनाभरानं मैथिली डोंगरावर गेली. नवं तिवरखार ऐटदार होतं, रस्ते रुंद, घरं पांढरीशुभ्र. उंबरठे मात्र कुठल्याच घराला नव्हते. पाणी इथवर येणार नाही म्हणून बांधणाऱ्यांनी ते गाळून टाकले होते. नव्या दारात प्रत्येकाचा नवा चालठसा घ्यायचा होता, हल्लीच्या चालीचा. इतरांचे घेऊन झाले होते. फशीबाय अडून बसली होती, की चितारीण येऊ दे, आधी उंबरा काढू दे.

मैथिलीनं तो काढला, तेवढाच उंच, मधोमध झिजलेला. रंग वाळेपर्यंत दोघी ओट्यावर बसल्या. मग फशीबाय उठली, लुगडं सावरलं. मैथिली सवयीनं मागे जाऊन उभी राहिली आणि तिनं हात पुढे केला, तशी म्हातारीनं तो हलकेच धरून खाली ठेवला. आता खरंच एकटीनं चालायचं, ती म्हणाली. म्हातारा वर वाट बघतोय, त्याला कळू दे मला जमतंय ते.

ती चालली. सरळ, झपझप. उंबरठ्याशी आली तेव्हा मात्र किंचित थबकली, ओठ हलले आणि पाय उचलला गेला. पट्टीनं तेही टिपून घेतलं. दारानं तिला नव्यानं ओळखलं.

आत गेलेली फशीबाय लगेच परत दारात आली. उंबरठ्यावर उभं राहायचं नाही, म्हणून चित्राच्या आतल्या बाजूला पाय जुळवून उभी राहिली. मैथिली ब्रश धूत होती. डब्यात अजून बराच रंग उरला होता. फशीबायची नजर त्या डब्याकडे गेली, मग समोरच्या रित्या जागेकडे, जिथे अजून कुणाचंच घर उठलं नव्हतं.

"सगळ्यांचे काढलेस," ती म्हणाली. "आता तुजा उंबरा कुठं काढायचा?"